तिसऱ्या बटणाची उंची

टेपकाकांनी बावीस वर्षांत मोजणीची काठी कधी हातात धरली नव्हती. झाडाचा घेर मोजायचा तो जमिनीपासून बरोबर एकशे तीस सेंटिमीटरवर, हा त्या धंद्यातला नियम. बाकीचे मोजणीदार खुणेची काठी घेऊन हिंडत, ती बुंध्याला टेकवत, मग टेप गुंडाळत. टेपकाका झाडाला छाती भिडवून उभे राहत आणि सदऱ्याच्या तिसऱ्या बटणासमोर टेप धरत. नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात त्यांनी मोजून घेतलं होतं, तिसरं बटण म्हणजे एकशे तीस. तेव्हापासून त्यांचे सदरे एकाच शिंप्याकडे, एकाच मापाचे. निवृत्त झाल्यावरही ऑफिसने त्यांना रोजंदारीवर ठेवून घेतलं होतं, कारण असा माणूस पुन्हा मिळणार नव्हता. नवा कोणी कामावर आला की पहिल्या दिवशी त्याला टेपकाकांची गोष्ट सांगितली जाई. चहा कुठे चांगला मिळतो ते दुसऱ्या दिवशी.

ऑफिस काय करायचं, तर टेकडीवरच्या झाडांनी वर्षभरात हवेतला किती धूर पोटात घेतला याचा हिशेब करून दाखला द्यायचं. तो दाखला लांबचा एक सिमेंट कारखाना विकत घेई आणि तेवढा आपला धूर फिटला असं मानी. कारखान्याच्या पैशातला मोठा वाटा टेकडीच्या उतारावरच्या बेचाळीस घरांना जाई, झाडं न तोडता वाढू दिल्याबद्दल. कारखाना खूश, उतार खूश, ऑफिस तर त्याहून खूश. एवढी सगळी माणसं एकाच वेळी खूश दिसली की खरं म्हणजे कोणीतरी सावध व्हायला हवं. पण पगार वेळेवर होत असले की सावध व्हायला कोणाला सवड असते?

टेपकाकांची मुलगी याच ऑफिसात तपासनीस होती. मोजणीदारांचे कागद तिच्या टेबलावर येत, ती आकडे जुळवी, खाली सही करी. या वर्षीचा अहवाल शुक्रवारी पाचच्या आत जायचा होता आणि आज बुधवार होता.

सकाळी निघताना बाबांनी तिला स्वयंपाकघरातल्या फळीवरून साखरेचा डबा काढून मागितला होता. "हल्ली हात पुरत नाही," असं काहीतरी ते पुटपुटले. तिने डबा काढून दिला, बस पकडली आणि विसरून गेली. अकराच्या सुमाराला, सतरा नंबरच्या प्लॉटचे आकडे तपासताना, तिचा हात एकदम थांबला. ती फळी बाबांनी स्वतः ठोकली होती. हात वर केला की डबा सहज मुठीत यावा, एवढ्या उंचीवर.

फळी जागची हलली नव्हती.

तिने कपाटातून जुने कागद काढले, गेल्या सहा वर्षांचे. बाबांच्या वाट्याच्या प्लॉटांमधली झाडं दर वर्षी वाढत होती, अर्धा सेंटिमीटर, कधी थोडं कमी. दुसऱ्या मोजणीदारांच्या प्लॉटमधली झाडं मात्र तीन वर्षांपासून जवळजवळ होती तिथेच. टेकडी तीच, झाडं तीच, लावणीचं वर्ष तेच. हा फरक तिला नवा नव्हता. दोन वर्षांपूर्वी तिनेच तो साहेबांपुढे नेला होता आणि साहेब हसून म्हणाले होते, "पोरं कामाला नवीन आहेत, टेप नीट ताणत नाहीत. टेपकाकांचा आकडा प्रमाण धरा आणि बाकीचे त्याला जुळवून घ्या." तिने जुळवून घेतले होते. दर झाडामागे अर्धा सेंटिमीटर, सलग दोन वर्षं, स्वतःच्या हाताने. त्या रकान्याला ती 'जुळवणी' म्हणत असे. आपल्या बापाचा आकडा प्रमाण धरताना तिला थोडा अभिमानही वाटला होता, हे तिला आता आठवलं आणि आठवायला नको होतं असं वाटलं.

बाबा बसच्या पायरीवरून पडले त्याला पाच वर्षं झाली होती. पाठीचे मणके दबलेत, असं डॉक्टर म्हणाले होते. त्याच वर्षापासून त्यांच्या प्लॉटमधली झाडं जोमाने वाढू लागली होती.

जेवणाच्या सुट्टीत ती घरी गेली. बाबा खिडकीशी बसून रेडिओचं झाकण उघडून काहीतरी करत होते. दुपारच्या कडक उन्हात ही का आली, याचं आश्चर्य त्यांच्या चेहऱ्यावर होतं. बारा ते चार घराबाहेर पडू नका, अशी सूचना आठवडाभर सगळीकडे लागली होती.

"बाबा, उभे राहा जरा. तुमच्या पँटी शिवायला टाकायच्यात, माप घेते."

"शिंप्याकडे आहे की माझं माप."

"ते जुनं झालंय."

ते उठले. तिने टेपचं टोक जमिनीला टेकवलं आणि टेप वर नेला. कमरेपाशी थांबायचं नाटक तरी करायचं, पण तेवढा धीर तिच्यात उरला नव्हता. टेप सरळ तिसऱ्या बटणापाशी जाऊन थांबला.

"पँटीचं माप बटणापर्यंत कधीपासून घ्यायला लागलीस?" बाबा म्हणाले.

तिने अंगठा आकड्यावर दाबून धरला.

"किती?"

"एकशे अठरा."

"पुन्हा घे."

तिने पुन्हा घेतलं. एकशे अठराच. मग बाबांनी श्वास घेतला, खांदे मागे ओढले, मान वर केली. गळ्याची शीर टरारून वर आली. "आता घे."

"एकशे एकवीस."

"बघ, तीन आले," ते म्हणाले, आणि श्वास सोडल्याबरोबर ते तीन गेलेही. ते खुर्चीवर बसले. रेडिओचे स्क्रू एका बशीत काढून ठेवलेले होते, ते त्यांनी एकेक करून मोजले आणि पुन्हा बशीत टाकले. बावीस वर्षं मोजण्यात गेलेल्या माणसाला धक्का बसला की तो हाताशी येईल ते मोजतो.

"बारा सेंटिमीटर खाली," ते म्हणाले. "ही झाडं बुंध्याशी रुंद असतात. बारा खाली म्हणजे घेर दोननं जास्त येणार. सव्वादोनही येईल."

"पाच वर्षांत तुमच्या प्लॉटात वाढ झालीय ती एकंदर सव्वादोन."

"म्हणजे झाडं..." ते थांबले.

"सुरुवातीला एखादं वर्ष वाढली असतील. नंतर नाही."

"बुंध्यावर पांढरे पट्टे होते की पहिल्या वर्षी. उंचीचे."

"ही साल टाकणारी झाडं, बाबा. पट्टे सालीबरोबर गेले. तुम्हाला पट्टा लागत नाही म्हणून पुन्हा कोणी मारलेच नाहीत."

बाबांनी बशी बाजूला सरकवली. मग त्यांनी खालच्या आवाजात विचारलं, "कोणाला सांगितलंस?"

"अजून नाही."

"मग नको सांगूस."

त्यांनी आयुष्यात तिच्याकडे कधी काही मागितलं नव्हतं. औषधाच्या गोळ्यासुद्धा स्वतः जाऊन आणत. तिला रडू येईल असं वाटलं, पण रडू आलं नाही, भीती वाटली. बाबा हे मागू शकतात याची भीती, आणि आपण हो म्हणू शकतो याची त्याहून जास्त. ती 'बघते' म्हणाली आणि बाहेर पडली. संध्याकाळी दोघं एकमेकांशी पंख्याच्या आवाजाबद्दल तेवढं बोलली.

गुरुवारी सकाळी ती साहेबांच्या खोलीत गेली. साहेब वाईट माणूस नव्हता. वाईट असता तर तिचं काम सोपं झालं असतं. त्याने सगळं ऐकून घेतलं, चष्मा काढून पुसला, दार लावून घेतलं.

"बसा. पाणी घ्या आधी. आता मला सांगा, करारात पैसे कशाचे आहेत?"

"वाढीचे."

"उभ्या झाडांचे?"

"नाहीत."

"म्हणजे वाढ शून्य लिहिली की उतारावरच्या बेचाळीस घरांचे पैसे शून्य. एक वर्ष ते कळ काढतील. मग कुऱ्हाडी बाहेर येतील, आणि त्यांना नावं ठेवायला मी जाणार नाही. आज आपला कागद खोटा आहे, कबूल. पण झाडं खरी आहेत, उभी आहेत. तुम्ही कागद खरा केलात की झाडं जातील. हवेला यातलं काय हवंय, तुम्हीच सांगा."

रात्रभर तिने स्वतःशी हाच वाद घातला होता आणि दोन्ही बाजूंनी हरली होती.

"पण साहेब, कारखान्यानं जुनी भट्टी बदलायचं पुढं ढकललंय ते आपल्या दाखल्यावर. आपण म्हणतोय झाडांनी एवढा धूर घेतला, म्हणून ते तेवढा सोडतायत. झाडांनी घेतलाच नाही. मग तो धूर गेला कुठं?"

"तो कारखान्याचा प्रश्न आहे."

"वर गेला, साहेब. ऊन वाढलं म्हणून झाडं थांबली, आणि झाडं वाढतायत असं आपण लिहितोय म्हणून ऊन वाढतंय. मी दोन वर्षं यात स्वतःच्या हातानं भर घातलीय."

साहेबांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. "मी खोटं रेटा असं म्हणत नाही. हळूहळू दुरुस्त करू. या वर्षी थोडं कमी दाखवू, पुढच्या वर्षी आणखी थोडं. पाच वर्षांत कागद आणि झाड एका रेषेत येतील. कोणाला झटका बसणार नाही." तो क्षणभर थांबला. "आणि तुमच्या वडिलांचंही नाव राहील. माणसानं अख्खी नोकरी एका नावावर केलीय."

हे त्याने शेवटी ठेवलं होतं, आणि ते वर्मी बसलं. ती टेबलाशी परत आली. साहेबांनी सांगितलेला 'थोडा कमी' आकडा तिने कागदाच्या कडेला पेन्सिलीने लिहिला. दिसायला वाईट नव्हता. कोणालाही तो खरा वाटला असता. सही केली असती तर संध्याकाळी घरी जाऊन बाबांना सांगता आलं असतं, मिटलं एकदाचं. तिने पेन उचललं. मग वाटलं, आधी बाबांना फोन करावा, सांगावं, मग सही करावी. फोन वाजत राहिला. दुसऱ्यांदा लावला, तिसऱ्यांदा लावला. मग तिने शेजारणीला लावला.

"काका ना? ते सकाळीच बाहेर पडले," शेजारीण म्हणाली. "माझ्याकडून फरशी पुसायच्या फडक्याचा दांडा मागून नेला. म्हटलं, काका, फडकं नको का? तर म्हणाले, दांडाच हवाय."

तिने पेन टाकलं आणि पिशवी उचलली. भिंतीवरच्या घड्याळात साडेअकरा झाले होते.

टेकडीपर्यंत बसला पाऊण तास लागे. बसमध्ये ती, ड्रायव्हर, कंडक्टर आणि मांडीवर रिकामी पाटी घेतलेली एक बाई, एवढीच माणसं. खिडकीची कड हाताला चटका देत होती. अडुसष्ट वर्षांचा, मणके दबलेला माणूस या उन्हात उतार चढतोय, आणि तो तिच्या एका टेपच्या मापामुळे चढतोय. काल तोंड मिटून बसले असते तर काय बिघडलं असतं, असं ती स्वतःला विचारत होती. दर थांब्यावर बस का थांबते याचा तिला राग येत होता. तिने पाच वेळा फोन लावला. शेवटी लागला तेव्हा एका बाईचा आवाज आला.

"काका सावलीत आहेत. बाराच्या प्लॉटपाशी. या तुम्ही, पण डोक्यावर काहीतरी घेऊन या."

ती मावशी होती. उतारावरच्या बेचाळीस घरांच्या वतीने करारावर सही केलेली हीच बाई. सगळं ऑफिस तिला मावशी म्हणे, आणि ती ऑफिसातल्या कोणालाही मनापासून भाचा-भाची मानत नसे.

तपासनीस वर पोचली तेव्हा बाबा एका झाडाला टेकून बसले होते. डोक्यावर ओला पंचा होता, चेहरा विटेसारखा लाल झाला होता, पण डोळे जागेवर होते. शेजारी दांडा पडला होता. त्यावर पेनने एकच रेघ मारलेली, एकशे तीसची. मावशी पाण्याचं भांडं घेऊन बसली होती.

"मी रागावू की नको ते सांगा," मुलगी म्हणाली.

"नंतर रागाव. आधी हे बघ." त्यांनी खिशातून कागद काढला. एकतीस झाडं मोजली होती. अक्षर शेवटी शेवटी वाकडं झालं होतं, पण आकडे स्पष्ट होते. पाच वर्षांपूर्वीच्या आकड्याशेजारी आजचा आकडा. पडायच्या आधीच्या मोजणीचे सगळे आकडे त्यांना तोंडपाठ होते. पाच वर्षांत एकाही झाडाची वाढ अर्ध्या सेंटिमीटरच्या वर नव्हती. काहींची तर शून्य.

"म्हणजे नवी पोरं बरोबर होती," बाबा म्हणाले. "त्यांना टेप ताणता येत नाही म्हणून मी चारचौघांत हसलोय त्यांना."

"त्यांचे आकडे मी बदलले, बाबा. तुम्ही नाही."

"माझ्या भरवशावर बदललेस." त्यांनी पंचा काढला, पिळला, पुन्हा डोक्यावर ठेवला. "काल तुला म्हणालो ते विसर. रात्रभर झोप लागली नाही. हेच लिही, आणि मोजणीदार म्हणून नाव माझं घाल. खाली कारण लिही, की मी वाकलो. लाजायचं काही नाही, माणूस वाकतो."

त्यांना लाज वाटत होती हे तिला दिसत होतं. सदऱ्याच्या पट्टीवर त्यांनी हात आडवा धरला होता.

मावशी हे सगळं ऐकत होती. ती म्हणाली, "वाढ थांबलीय हे तुम्हाला आज कळलं होय? पानं दोन महिने आधी गळतात. मी तीन वर्षं तुमच्या साहेबाला सांगतेय. तो म्हणाला, फॉर्मात पानांचा रकाना नाही."

"मला का नाही सांगितलंत, मावशी?"

"तुम्ही कधी वर आलात?"

हे खरं होतं. सहा वर्षांत तपासनीस पहिल्यांदाच टेकडीवर आली होती. तिचं काम आकड्यांचं, आणि आकडे खालीच येत. तिने वर पाहिलं. फांद्या निम्म्या रिकाम्या होत्या आणि बाबा बसले होते ती सावली जाळीसारखी विरळ पडली होती. वारा नव्हता. कुठेही पानाचा आवाज नव्हता.

आता सांगायला हवं होतं. साहेबांनी विचारलं होतं, बेचाळीस घरांना कोण सांगणार, असं तिला उगाच वाटलं. त्यांनी तसं विचारलं नव्हतं, पण प्रश्न तोच होता. ती मावशीसमोर खाली बसली.

"मावशी, हे आकडे मी उद्या पाठवणार आहे. हे गेले की या वर्षीचे पैसे येणार नाहीत. कदाचित मागच्या दोन वर्षांचेही परत मागतील. ते मी ऑफिसच्या माथी जावं म्हणून भांडेन, पण नक्की काही सांगता येत नाही. चूक आमची आहे. तुमची नाही."

मावशी भांड्यातल्या पाण्याकडे बघत राहिली.

"आम्ही एक झाड तोडलं नाही सहा वर्षं."

"माहीत आहे."

"सुकलेली फांदीसुद्धा विचारून उचलली. आणि झाडं उभी आहेत. उभं राहायचे पैसे नाहीत?"

"नाहीत. वाढायचे आहेत."

"ऊन वाढलं म्हणून ती वाढत नाहीत. ऊन आम्ही आणलं नाही."

"नाही."

"ज्यानं आणलं त्याचे पैसे वाचणार आणि आमचे बंद होणार."

यावर साहेबांकडे उत्तर असतं. बाबांनी मान खाली घातली होती. तिला वाटलं, मावशी आता ओरडेल, शिव्या घालेल, आणि तसं झालं तर बरं होईल. मावशी ओरडली नाही. ती घरं मोजत होती, बोटांवर, ओठ हलवत. कोणाचं भागेल, कोणाचं नाही.

"बहुतेक घरं वर्ष काढतील," शेवटी ती म्हणाली. "खाली शहरात कामाला जातील. पण दोन घरांत कमावतं कोणी नाही. ती पुढच्या महिन्यापलीकडे थांबू शकत नाहीत. लाकूड विकल्याशिवाय त्यांना इलाज नाही." तिने मुलीच्या हातातल्या कागदाकडे बोट केलं. "सगळं रान कापायला आम्ही वेडे नाही. पण एक तर पाडावं लागेल. तुमच्याकडं कागद आहे. कोणतं झाड आता काहीच करत नाही, तेवढं सांगून जा."

मुलगी बाबांकडे वळली. बाबा तिच्याकडे बघत नव्हते. ज्या झाडाला टेकले होते त्यावर त्यांनी तळहात ठेवला होता.

तिने कागद गुडघ्यावर सरळ केला. रकान्यावरून बोट खाली नेत ती शून्यं शोधू लागली, ऑफिसात शोधायची तशीच, सावकाश, एकही सुटू न देता. बोट एका आकड्यावर थांबलं.

"एकशे सात नंबर," ती म्हणाली. "पाच वर्षांत काहीच नाही."

मावशीने उठून उतारावर नजर टाकली, नंबराची पत्र्याची चकती शोधली, ते झाड नीट पाहून घेतलं आणि मान हलवली.

"आणखी एक सांगा," ती म्हणाली. "घरं दोन आहेत."